केरळात घेतलेली जागा कागदावर 'निलम' निघाली आणि अर्ज वर्षभर पडून आहे, मग हायकोर्टात कसं जायचं

आपली खानापूर, आटपाडीकडची गलाईवाली (सोनं-चांदी गाळायचा धंदा करणारी) माणसं केरळात गावोगाव पसरलीत, बऱ्याच जणांची दुसरी-तिसरी पिढी इथं आहे, पोरं मल्याळम शाळेत शिकली, त्यामुळे आता भाड्याच्या खोलीत किती दिवस काढायचे म्हणून पाच-दहा सेंट जागा घ्यायची घाई प्रत्येकाला असते. जागा बघायला गेलं की नारळ उभे असतात, दारापर्यंत रस्ता असतो, शेजारी दोन मजली घरं, म्हणजे शेत आहे असं मनातसुद्धा येत नाही. मग खरेदी होते, घराच्या परमिटसाठी पंचायतीत जातो आणि तिथला क्लार्क टॅक्सच्या पावतीवर एका शब्दावर बोट ठेवतो, निलम. निलम म्हणजे भातखाचर. माझं असंच झालं, त्रिशूर जिल्ह्यात ९ सेंट, तीस वर्षांचे नारळ असलेली जागा, आणि त्यातून सुटायला मला पावणेतीन वर्षं लागली. त्यातला निम्मा वेळ फक्त माहिती नसल्यामुळे गेला, म्हणून हे सगळं सविस्तर लिहितोय, ज्यांचं आत्ता सुरू आहे त्यांनी नीट वाचा.

आधी मापं डोक्यात बसवा. १०० सेंट म्हणजे एक एकर, आपले ४० गुंठे पण एकच एकर, म्हणजे अडीच सेंटचा एक गुंठा. १० सेंट म्हणजे ४ गुंठे, २५ सेंट म्हणजे १० गुंठे, ५० सेंट म्हणजे २० गुंठे. सरकारी कागदावर आर असतं, तिथं ५० सेंटला २०.२३ आर लिहिलेलं दिसेल. हे आकडे पुढं फॉर्म निवडताना आणि फी बघताना लागतात.

कायदा काय आहे

केरळात १९७० च्या दशकात आठ लाख हेक्टरच्या वर भात होतं, २००८ पर्यंत ते अडीच लाखाच्या खाली आलं. खाचरं बुजवली, वर घरं आली, विहिरी आटल्या, पावसाचं पाणी थांबायला जागा उरली नाही. म्हणून २००८ साली भातजमीन आणि पाणथळ जमीन संरक्षण कायदा आला, १२ ऑगस्ट २००८ पासून लागू. ही तारीख पाठ करा, कारण पुढं सगळीकडं प्रश्न एकच असतो, त्या दिवशी तुमची जागा कशी होती. (त्याच्या आधी १९६७ चा भूमी वापर आदेश होता, तो ४ जुलै १९६७ चा, त्याचाही संबंध खाली येईल.)

कायदा चांगला आहे असंच माझं मत आहे आणि ते मनापासून आहे. त्रिशूरची कोळे जमीन पावसाळ्यात एकदा जाऊन बघा, समुद्रासारखं पाणी पसरलेलं असतं आणि तेच पाणी नंतर उपसून भात घेतात. असली जमीन कोणी स्वस्तात देतो म्हटलं तर घेऊ नका, ती बदलून मिळणार नाही आणि मिळूही नये. हा लेख ज्यांची जागा खरंच फार पूर्वीपासून कोरडी आहे पण कागद जुना राहिलाय त्यांच्यासाठी आहे.

पहिलं काम, दोन कागद बघा

लोकं इथंच गोंधळतात. 'निलम' आणि 'डेटा बँक' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. निलम किंवा पुरयिडम (म्हणजे घर-बागेची कोरडी जागा) हे व्हिलेज ऑफिसच्या बेसिक टॅक्स रजिस्टरमध्ये असतं, सगळे त्याला बीटीआर म्हणतात. डेटा बँक वेगळी, ती या कायद्याखाली प्रत्येक पंचायतीत बनवलेली भातजमिनीची आणि पाणथळीची सर्वे नंबरवार यादी आहे. ती स्थानिक समिती बनवते, तिचा अध्यक्ष पंचायत प्रेसिडेंट आणि कामकाज कृषी अधिकाऱ्याकडं, म्हणून यादी बघायची ती कृषी भवनात. टॅक्सच्या पावतीवर निलम आहे पण डेटा बँकेत नाही, असं भरपूर ठिकाणी असतं आणि त्यांचं काम बरंच सोपं आहे.

तुमचा सर्वे नंबर, सबडिव्हिजनसकट, कृषी भवनात जाऊन स्वतः यादीत बघा. एजंट सांगतो त्यावर जाऊ नका. माझ्या एजंटने 'नो डेटा बँक' म्हणून सांगितलं होतं, आणि यादीत माझा नंबर ठळक होता, बाजूला शेराही होता की जागेत नारळ आहेत. म्हणजे नारळ आहेत हे लिहूनसुद्धा जागा भातजमीन म्हणून घातलेली.

दुसरं काम, फॉर्म कुठला

डेटा बँकेत नाव आहे तर आधी फॉर्म ५. हा 'आमची जागा चुकून यादीत आलीय, काढा' असा अर्ज. तो मंजूर झाला तरी जागा पुरयिडम होत नाही, फक्त यादीतून निघते. त्यानंतर मग फॉर्म ६, म्हणजे खरा बदल, ज्याला इथं तरंमाट्टम म्हणतात, ५० सेंटपर्यंत. ५० सेंटच्या वर फॉर्म ७, आणि त्यात दहा टक्के जागा पाणी मुरवायला सोडावी लागते. जागा १९६७ च्या आदेशाआधीच भरलेली असेल आणि तसा पुरावा असेल तर फॉर्म ९. फॉर्म ६ मध्ये २५ सेंटपर्यंत बदलाची फी माफ आहे, त्याच्या वर फेअर व्हॅल्यूच्या (सरकारने ठरवलेल्या जमिनीच्या किमतीच्या) दहा टक्क्यांपासून सुरू होते, मोठा आकडा होतो, आधी हिशोब करून ठेवा.

डेटा बँकेत नसलेली १० सेंटपर्यंतची जागा आणि १२० चौरस मीटरपर्यंतचं घर असेल तर बदल न करताही परमिट मिळू शकतं, तेव्हा आधी पंचायतीत लेखी विचारा, उगाच वर्षभर रांगेत कशाला उभं राहायचं.

आणि खरंच खाचर असेल पण घरासाठी दुसरी जागाच नाही, अशा मालकाला पंचायत हद्दीत १० सेंट आणि नगरपालिकेत ५ सेंटपर्यंतची सवलत कायद्यात आहे, पण त्याचा रस्ता वेगळा, जिल्हा समितीकडून जातो आणि त्या जिल्ह्यात कुटुंबाची दुसरी योग्य जागा नाही हे दाखवावं लागतं. आपल्यासारख्या नंतर विकत घेणाऱ्याने त्याच्या भरवशावर व्यवहार करू नये.

तिसरं, अर्ज टाकताना

अर्ज ऑनलाइन, महसूल खात्याच्या पोर्टलवर, आणि जातो आरडीओकडं, म्हणजे आपल्याकडच्या प्रांताकडं. पूर्वी राज्यभरात ही २७ ऑफिसंच सगळे अर्ज बघायची आणि अर्ज लाखांत गेले, तुंबणार नाही तर काय होणार. मग कायदा दुरुस्त करून २०२४ पासून डेप्युटी कलेक्टरांनाही अधिकार दिले. तुमचा तालुका आता कुणाकडं आहे ते बघून घ्या, कारण जुन्या फायली एका ऑफिसातून दुसऱ्या ऑफिसात गेल्या आणि त्यात काहींचा माग लागत नव्हता.

सोबत खरेदीखत, चालू वर्षाची टॅक्स पावती, पझेशन सर्टिफिकेट, डेटा बँकेच्या त्या पानाची प्रत, जागेचा नकाशा, फोटो. फोटो नुसता जागेचा काढू नका, झाडाचा बुंधा आणि त्याची जाडी दिसेल असा काढा, शेजारचं घर, रस्ता, विजेचा खांब सगळं येऊ द्या. शेजाऱ्याच्या घराचं जुनं कागदपत्र, २००८ च्या आधीचा घर नंबर किंवा वीज कनेक्शन, मिळालं तर सोन्याहून पिवळं, कारण त्यावरून आजूबाजूला भात नव्हतं हे दिसतं. अर्ज नंबर आला की त्याचा स्क्रीनशॉट नको, प्रिंट काढून फाइलला लावा.

आणि एक हात जोडून सांगतो, अर्ज मंजूर होईपर्यंत एक टेम्पो मातीसुद्धा टाकू नका. व्हिलेज ऑफिसर स्टॉप मेमो, म्हणजे काम थांबवायची नोटीस, देतो, कलेक्टर जागा पूर्वीसारखी करायचा आदेश देऊ शकतो, खटला होतो, आणि मग कोर्टात तुमचीच बाजू पडते.

अर्ज कुठं अडकतो

फॉर्म ५ असेल तर आरडीओ कृषी अधिकाऱ्याकडं रिपोर्ट मागतो. फॉर्म ६ असेल तर व्हिलेज ऑफिसरकडं. अडकतो तो बहुतेक इथंच. एका कृषी भवनावर पंचायतीची सगळी शेतीची कामं, खत, बी, विमा, पुराचे पंचनामे, आणि त्यात हे शेकडो अर्ज, त्यामुळे तिथल्या माणसाशी भांडून काही होत नाही. माझा अर्ज १४ महिने एका ऑफिसात होता. दर महिन्याला जायचो, 'नाले वा' म्हणजे उद्या या, एवढंच मल्याळम मला त्या ऑफिसाने चांगलं शिकवलं.

तोंडी खेपांचा पुरावा नसतो हे मला उशिरा कळलं. तीन-चार महिने झाले की लेखी स्मरणपत्र द्या आणि इनवर्ड शिक्का असलेली पोच घ्या. मग माहिती अधिकारात अर्ज, दहा रुपये फी, प्रश्न फक्त तीन ठेवा: माझा अर्ज कुणाकडं आहे, रिपोर्ट कुठल्या तारखेला मागवला, आला असेल तर प्रत द्या. तीस दिवसांत उत्तर यायला हवं. हे उत्तर म्हणजे हायकोर्टातलं तुमचं सगळ्यात वजनदार पान, कारण त्यात ऑफिस स्वतःच लिहून देतं की अमुक तारखेपासून फाइल हललेली नाही. काही वेळा या अर्जानेच फाइल हलते, मग कोर्टाची गरजच पडत नाही.

हायकोर्ट काय करतं आणि काय करत नाही

केरळ हायकोर्ट एर्नाकुलमला आहे. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली रिट याचिका करायची, मागणी अशी की अधिकाऱ्याने माझ्या अर्जावर ठराविक मुदतीत निर्णय घ्यावा. बऱ्याच जणांची समजूत असते की हायकोर्टात गेलो म्हणजे जज्ज जमीन बदलून देईल. तसं होत नाही. जागा भाताची आहे की नाही हे कोर्ट स्वतः ठरवत नाही, ते काम अधिकाऱ्याचं. कोर्ट तुम्हाला देतं ती तारीख. अर्ज ठेवून द्यायचा अधिकार कुणाला नाही, हो म्हणा नाही म्हणा पण कारण लिहून अमुक दिवसांत म्हणा, एवढाच तो आदेश असतो. ही गोष्ट नीट समजली तर वकिलाला नेमकं काय सांगायचं ते कळतं आणि खर्च कमी होतो.

वकील एर्नाकुलमचाच बघा आणि महसुलाच्या केसेस करणारा बघा, याच कायद्याच्या याचिका तिथं इतक्या येतात की अनुभवी वकिलाला काय लावायचं ते तोंडपाठ असतं. कामकाज इंग्रजीत चालतं पण आपले जोडलेले कागद मल्याळममध्ये असतात, त्यांची भाषांतरं लागतात, ती आधी करून घ्या. तुम्हाला सहसा हजर राहावं लागत नाही, वकालतनामा आणि शपथपत्रावर सही करून पाठवलं की झालं. सरकारी वकील अधिकाऱ्याकडून सूचना घेतो आणि नुसत्या विलंबाची केस असेल तर बऱ्याचदा पहिल्या-दुसऱ्या तारखेलाच निकाली निघते.

इथं एक गोष्ट मनात खटकते ती लिहितोच. कोर्टाचा आदेश आणणाऱ्याची फाइल वर येते, म्हणजे ज्याच्याकडं वकिलाला द्यायला पैसे नाहीत, पाच सेंटवर ताडपत्रीखाली राहणारा माणूस, तो मागंच राहतो. सरकारने नंतर अदालती भरवल्या, लहान अर्ज जागच्या जागी निकाली काढले, त्याचा फायदा झाला. तुमच्या तालुक्यात अदालत जाहीर झाली असेल तर आधी तिथं जा, रिट नंतर.

आदेश हातात आला, आता घड्याळ तुम्ही सुरू करायचं

हे सगळ्यात महत्त्वाचं. आदेशात मुदत सहसा अशी असते की 'आदेशाची प्रत हजर केल्यापासून दोन महिने'. निकालाच्या तारखेपासून नाही! प्रत तुम्ही ऑफिसात दिली नाही तर मुदत सुरूच होत नाही. आमच्यातल्याच एका दुकानदाराने आदेश लॅमिनेट करून घरी ठेवला होता, सात महिने वाट बघत बसला, कारण त्याला वाटलं कोर्टच पाठवतं. तर आदेशाची प्रमाणित प्रत आली की त्याच आठवड्यात, याचिकेच्या प्रतीसह, कव्हरिंग लेटर लावून अधिकाऱ्याच्या ऑफिसात द्या, दुसऱ्या प्रतीवर तारखेचा शिक्का घ्या. कव्हरिंग लेटरमध्ये अर्ज नंबर, केस नंबर, मुदत कधी संपते ती तारीख, एवढ्या तीन ओळी पुरे.

मुदत संपली आणि काही झालं नाही तर वकिलाकडून एक नोटीस, आणि तरीही शांतता असेल तर अवमान याचिका. तिला एक वर्षाची मर्यादा आहे, ती अवमान झाल्यापासून मोजतात, म्हणून तो शिक्का जपून ठेवा. पण दुसऱ्याच दिवशी अवमान टाकू नका, अधिकारी बदलला असेल किंवा सॅटेलाइट रिपोर्टची (तो काय ते खाली येईल) वाट बघत असेल तर कोर्ट मुदत वाढवून देतं आणि तुम्ही घाई केल्यासारखं दिसतं.

अर्ज नामंजूर झाला तर

मुदतीच्या दट्ट्याने अधिकारी कधीकधी घाईत 'नामंजूर' लिहून मोकळा होतो. माझं तसंच झालं, आदेश चार ओळींचा, कृषी अधिकाऱ्याच्या रिपोर्टनुसार जागा भाताला योग्य आहे, सबब अर्ज फेटाळला. तेव्हा मी हातपाय गाळले होते, पण अशा आदेशांबद्दल हायकोर्टाने पुन्हा पुन्हा सांगितलंय की नुसत्या कृषी अधिकाऱ्याच्या रिपोर्टवर अर्ज फेटाळता येत नाही. अधिकाऱ्याने एकतर स्वतः जागा बघायची, नाहीतर नियम ४(४एफ) खाली सॅटेलाइट चित्रं मागवायची, आणि १२ ऑगस्ट २००८ ला जागेचं स्वरूप काय होतं, ती भाताला योग्य होती का, यादीतून काढल्याने शेजारच्या भातशेतीला त्रास होईल का, हे स्वतःच्या शब्दांत लिहायचं. पावसाळ्यात पाणी साचतं किंवा जागा पडीक आहे एवढ्यावरून ती भातजमीन ठरत नाही, हेही कोर्टाने सांगितलेलं आहे. हे मुद्दे आदेशात नसतील तर दुसरी रिट करायची, आदेश रद्द करून फेरविचाराला पाठवा अशी. त्यात साधारण मुदत मिळते ती अशी: स्वतः पाहणी करणार असेल तर दोन महिने, सॅटेलाइट चित्रं मागवली तर ती मिळाल्यापासून तीन महिने.

सॅटेलाइट रिपोर्ट तिरुवनंतपुरमच्या राज्य रिमोट सेन्सिंग आणि पर्यावरण केंद्राकडून येतो, फी आपल्यालाच भरावी लागते, आणि ती वेळेत भरा, कारण बऱ्याच फायली फक्त फीच्या चलनापायी थांबलेल्या असतात. माझा रिपोर्ट आला तेव्हा मी दुकानात भट्टीजवळ बसून उघडला. वेगवेगळ्या वर्षांची छोटी छोटी चित्रं, माझ्या जागेभोवती लाल रेघ, आणि २००८ च्या चित्रात त्या रेघेच्या आत गडद हिरवे ठिपके, ओळीने. तेच नारळ. खाली लिहिलं होतं मिश्र झाडं आणि लागवड. मागच्या बाजूला खरं भातखाचर होतं, ते सपाट आणि फिकट दिसत होतं, फरक कुणालाही कळेल असा. रिपोर्टची प्रत नक्की मागा आणि रेघ तुमच्याच सर्वे नंबरभोवती आहे ना ते तपासा, शेजारच्या तुकड्याचा रिपोर्ट आल्याची केस मी बघितलीय.

मंजुरीनंतर थांबू नका

फॉर्म ५ मंजूर झाला की लगेच फॉर्म ६ टाका. तो मंजूर झाला की आदेश तहसीलदाराकडं जातो, तिथं टॅक्सची फेरआकारणी होते, मग व्हिलेज ऑफिसात बीटीआरमध्ये नोंद बदलते. जागेचा काही भागच बदलला असेल तर मोजणी करून सबडिव्हिजन पडतं आणि सर्वेअरच्या तारखेसाठी पुन्हा थांबावं लागतं. लोकं फॉर्म ६ चा आदेश घेऊन खूश होऊन बसतात आणि बँकेत गेल्यावर कळतं की पावतीवर अजून निलमच आहे, मग लोन अडकतं. या टप्प्यावर उशीर झाला तर पुन्हा तीच पद्धत, स्मरणपत्र, पोच, माहिती अधिकार, आणि अगदीच नाही तर रिट.

मी नवीन पावती घ्यायला गेलो तेव्हा प्रिंट निघेपर्यंत दोनदा विचारलं, आलं का, आलं का. क्लार्कने कागद माझ्याकडं फिरवला, पुरयिडम लिहिलेलं होतं, ९ सेंट, सर्वे नंबर बरोबर. तिथंच दोन झेरॉक्स काढल्या, एक पंचायतीला परमिटसाठी आणि एक बँकेला.